वीजजाळ्याचा कोन मोजणारा अभियंता

पुण्यात वळवाचा पाऊस आला की पहिल्या गडगडाटाबरोबर दिवे जातात. घराघरांतून 'गेली लाईट!' असा आवाज उठतो. कोणी मेणबत्ती शोधते, कोणी गॅलरीत जाऊन 'आपलीच गेली की सगळ्यांची?' हे पाहून येते. थोड्या वेळाने दिवे येतात आणि विषय संपतो. 'वीजवाल्यांनी लाईट घालवली' असे आपण सहज म्हणतो. पण त्या क्षणी वीज नेमकी कोणी घालवली, असा प्रश्न वर्गात एखाद्या मुलीने विचारला, तर आपण काय उत्तर देऊ?

बहुतेक वेळा खरे उत्तर असे असते की वीज माणसाने घालवलेली नसते. ती 'रिले' नावाच्या एका उपकरणाने घालवलेली असते. तारेवर फांदी पडते, वीजप्रवाह अचानक वाढतो, रिलेला ते कळते आणि तो सर्किट ब्रेकरला तार तोडायला सांगतो. हे सारे आपली पापणी लवायच्या आत होते. रिले हा वीजजाळ्याचा रखवालदार आहे. तो नसता तर फांदी पडलेल्या जागी तारा वितळल्या असत्या आणि रोहित्रे जळली असती.

आज आपण ज्या अभियंत्याची ओळख करून घेणार आहोत, त्याने या रखवालदाराला गणित शिकवले आणि ते शिकवता शिकवता सगळ्या जगाच्या वीजजाळ्यांना नवी दृष्टी दिली. त्यांचे नाव अरुण फडके. धरणे बांधणाऱ्या आणि कारखाने काढणाऱ्या अभियंत्यांची नावे आपल्या पाठ्यपुस्तकांत येतात. मोजमाप करणाऱ्यांची सहसा येत नाहीत. म्हणूनच ही हकिकत सांगाविशी वाटते.

ग्वाल्हेर ते विस्कॉन्सिन

फडके हे आडनाव वाचताच आपल्याला कोकण किंवा पुणे आठवते. पण अरुण फडके यांचा जन्म 1938 साली ग्वाल्हेरचा. शिंद्यांच्या राजवटीपासून त्या शहरात मराठी कुटुंबांची मोठी वस्ती आहे. आग्रा विद्यापीठाची बी.एस्सी. पदवी 1955 मध्ये घेऊन ते खरगपूरच्या आयआयटीत दाखल झाले. ही संस्था तेव्हा जेमतेम चार वर्षांची होती. इंग्रजी अमलात राजबंद्यांसाठी बांधलेल्या हिजलीच्या छावणीतच तिची सुरुवात झाली होती. भाक्रा आणि कोयना यांसारखे प्रकल्प उभे राहण्याचे ते दिवस. होतकरू तरुणाला विद्युत अभियांत्रिकीची ओढ वाटावी असाच तो काळ होता.

1959 मध्ये बी.टेक. झाल्यावर फडके अमेरिकेला गेले. शिकागोच्या इलिनॉय इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीमधून 1961 मध्ये एम.एस. आणि विस्कॉन्सिन विद्यापीठातून 1964 मध्ये पीएच.डी. असे त्यांचे शिक्षण झाले.

पीएच.डी.ला एकच वर्ष होते न होते तोच अमेरिकेत एक मोठी घटना घडली. 9 नोव्हेंबर 1965 च्या संध्याकाळी कॅनडातील नायगाऱ्याजवळच्या अ‍ॅडम बेक वीजकेंद्रातील एका रिलेने टोरांटोकडे जाणारी एक वाहिनी तोडली. तारेत दोष काहीच नव्हता. रिले कोणत्या मर्यादेला चालावा हे दोन वर्षांपूर्वी ठरवले होते, मधल्या काळात वाहिनीवरचा भार वाढला होता आणि मर्यादा मात्र जुनीच राहिली होती. एक वाहिनी तुटली तेव्हा तिचा भार शेजारच्या चारांवर पडला आणि त्याही एकामागून एक तुटल्या. टोरांटोकडे जाणारी वीज उलटी फिरून न्यूयॉर्क राज्यात घुसली. काही मिनिटांत सुमारे 3 कोटी लोक अंधारात गेले. न्यूयॉर्क शहराच्या काही भागांत तर सुमारे 13 तास वीज नव्हती.

म्हणजे रखवालदार झोपला नव्हता. उलट त्याने आपले काम चोख केले होते! पण त्याला फक्त स्वतःच्या दारापुरते दिसत होते. पलीकडच्या गल्लीत काय चालले आहे, हे त्याला कळण्याची काही सोयच नव्हती. फडके यांच्या पुढच्या सगळ्या कामाची पार्श्वभूमी या एका वाक्यात आहे.

एकच ताल

पुढे जाण्यापूर्वी वीजजाळे म्हणजे काय ते नीट समजून घेऊ. आपल्या घरातली वीज प्रत्यावर्ती असते. ती सेकंदाला 50 वेळा आवर्तन पूर्ण करते, म्हणजे एक आवर्तन 20 मिलिसेकंदांत होते. कोयनेचे जनित्र आणि चंद्रपूरचे जनित्र एकाच जाळ्याला जोडलेले असेल, तर दोघांचा ताल एकच असावा लागतो. 31 डिसेंबर 2013 रोजी रायचूर-सोलापूर ही 765 किलोव्होल्टची वाहिनी सुरू झाली आणि दक्षिणेचे जाळे उर्वरित देशाशी जोडले गेले. तेव्हापासून काश्मीरपासून कन्याकुमारीपर्यंत आपण सारे एकाच तालावर आहोत.

ताल एक असला तरी सगळे जण तंतोतंत एकाच क्षणी टाळी देत नाहीत. पंढरीच्या वाटेवरची दिंडी डोळ्यांसमोर आणा. सगळे वारकरी एकाच लयीत चालतात, पण पुढच्याचे पाऊल पडल्यावर क्षणभराने मागच्याचे पडते. वीजजाळ्यात दोन ठिकाणच्या विद्युतदाबांमध्ये असेच मागेपुढे असते. पूर्ण आवर्तन 360 अंशांचे मानले, तर हे अंतर अंशांत सांगता येते. त्याला कलाकोन म्हणतात.

हा कोन निरुपद्रवी नाही, आणि निरुपयोगी तर मुळीच नाही. दोन ठिकाणांमधून किती शक्ती वाहते ते प्रामुख्याने या कोनाच्या 'साइन'वर ठरते. ज्याचा कोन पुढे, तिकडून वीज मागच्याकडे वाहते. कोन शून्य असेल तर वीज वाहत नाही. कोन वाढला की शक्ती वाढते. पण 90 अंशांना साइनची किंमत 1 होते, तिच्यापुढे वाढायला जागाच नसते. ताणलेल्या रबराची उपमा इथे बरोबर लागू पडते. रबर जितके ताणावे तितके ओढते, पण प्रमाणाबाहेर ताणले की तुटते. दोन प्रदेशांमधला कलाकोन म्हणजे त्यांच्यातले रबर किती ताणले आहे याचे माप.

इतके महत्त्वाचे माप, पण ते थेट मोजता येत नव्हते! पुण्याचा कोन आणि नागपूरचा कोन यांची तुलना करायची तर दोन्ही ठिकाणी एकाच क्षणी मोजमाप व्हायला हवे. 20 मिलिसेकंदांत 360 अंश, म्हणजे 1 मिलिसेकंदात 18 अंश. दोन घड्याळांत हजारांश सेकंदाचा फरक पडला तरी 18 अंशांची चूक होते, आणि मोजायचा कोनच मुळात 20-30 अंशांचा असतो. म्हणून अभियंते वीजशक्ती आणि विद्युतदाब यांची मापे गोळा करत आणि त्यांवरून कोनांचे अनुमान काढत. ही पद्धत एमआयटीच्या फ्रेड श्वेप यांनी 1970 च्या सुमारास मांडली. ती 1965 च्या अंधारातूनच जन्मली होती. पण गोळा केलेली मापे वेगवेगळ्या क्षणांची असत. धावणाऱ्या मुलाचे डोके एका फोटोतून, हात दुसऱ्यातून आणि पाय तिसऱ्यातून घेऊन एक चित्र जुळवावे, तसा तो प्रकार होता.

बारा नमुन्यांचे गणित

1969 मध्ये फडके अमेरिकन इलेक्ट्रिक पॉवर या वीज कंपनीत आले. त्याच वर्षी या कंपनीने अमेरिकेतील पहिली 765 किलोव्होल्टची वाहिनी सुरू केली होती. इतक्या मोठ्या वाहिनीवरचा दोष दोन-तीन आवर्तनांत, म्हणजे सेकंदाच्या विसाव्या भागात तोडावा लागतो. हे काम तेव्हा चकत्या, स्प्रिंगा आणि चुंबके असलेले रिले करत असत. त्याच 1969 साली जॉर्ज रॉकफेलर या अभियंत्याने एक लेख लिहिला. उपकेंद्राचे रक्षण संगणकाने करता येईल, असे त्यात म्हटले होते. कल्पना आकर्षक होती, पण त्या वेळचे संगणक फार हळू चालत.

अडचण अशी होती. त्रिकला वाहिनीत तीन तारा असतात. दोष एका तारेचा जमिनीशी होऊ शकतो, दोन तारांचा एकमेकींशी होऊ शकतो, किंवा तिन्हींचा. मोजदाद केली तर असे 10 प्रकार होतात. ते सगळे ओळखायचे तर रिलेला सहा निरनिराळी समीकरणे सतत सोडवत बसावे लागते. हळू संगणकाला हे झेपणे कठीण होते.

फडके आणि त्यांचे सहकारी जुन्या गणिताकडे वळले. 1918 मध्ये चार्ल्स फोर्टेस्क्यू या अभियंत्याने दाखवले होते की तीन तारांमधली कशीही विस्कटलेली स्थिती तीन नीटनेटक्या 'सममित घटकां'च्या बेरजेने मांडता येते. हे घटक वापरले तर सहा समीकरणांऐवजी एकाच समीकरणात दहाही प्रकारांचा निकाल लागतो, हे या गटाने 1977 मध्ये सिद्ध केले. संगणकाचा वेग वाढण्याची वाट पाहत बसण्याऐवजी त्यांनी प्रश्नच लहान करून टाकला. विद्यार्थ्यांनी लक्षात ठेवावी अशी ही गोष्ट आहे.

या मोजमापाची मूळ युक्ती अकरावी-बारावीच्या मुलांना फळ्यावर करून दाखवता येते. एका आवर्तनात 30-30 अंशांवर 12 नमुने घ्या. उंची 10 असलेल्या साइन लहरीचे नमुने 0, 5, 8.66, 10, 8.66, 5, 0 आणि मग तेच ऋण, असे येतील. प्रत्येक नमुन्याला त्या-त्या कोनाच्या साइनने गुणा, बेरीज करा आणि 6 ने भागा. उत्तर 10 येते. साइनऐवजी कोसाइनने गुणले तर उत्तर 0 येते. आता लहर 30 अंश पुढे सरकवा, म्हणजे नमुने 5 पासून सुरू होतील. तेच गणित पुन्हा केले की 8.66 आणि 5 अशी उत्तरे मिळतात. दोघांच्या वर्गांच्या बेरजेचे वर्गमूळ 10 येते, ही लहरीची उंची. 5 भागिले 8.66 ही 30 अंशांची 'टॅन' किंमत आहे, म्हणजे कोनही मिळाला! साध्या गुणाकार-बेरजेतून लहरीची उंची आणि कोन दोन्ही हाती येतात. या जोडीलाच कलासदिश किंवा फेजर म्हणतात. प्रत्यावर्ती वीज अशा रीतीने मांडण्याची कल्पना चार्ल्स स्टाइनमेट्झ यांनी 1893 मध्ये शिकागोच्या विद्युत परिषदेत मांडली होती.

रखवालदाराच्या वहीतून

आता गंमत पाहा. रिलेसाठी केलेल्या या गणितात 'धन क्रम' नावाचा एक घटक आपोआप निघत होता. तो रिलेच्या कामापुरता वापरला जाई आणि सोडून दिला जाई. पण संपूर्ण जाळ्याची अवस्था सांगणारी राशी हीच आहे, हे फडके यांच्या ध्यानात आले. कॉर्नेल विद्यापीठाचे जेम्स थॉर्प 1976-77 मध्ये वर्षभरासाठी या कंपनीत आले होते. तिथून दोघांची जोडी जमली ती अनेक दशके टिकली. 1983 मध्ये फडके, थॉर्प आणि मार्क अ‍ॅडमिअक यांचा एक लेख प्रसिद्ध झाला. विद्युतदाबाचा फेजर, वारंवारता आणि वारंवारतेतील बदलाचा वेग कसा मोजावा, हे त्यात सांगितले होते. रखवालदार रोज जी वही भरत होता, ती कोणीतरी प्रथमच उघडून वाचली होती.

राहिला प्रश्न घड्याळाचा. सगळ्या उपकेंद्रांना एकाच क्षणी 'आता मोजा' असे सांगणार कोण? उत्तर आकाशातून आले. अमेरिकी सैन्यासाठी उभारल्या जाणाऱ्या जीपीएस व्यवस्थेचा पहिला उपग्रह 1978 मध्ये सोडला गेला होता. ती नागरी वापरालाही खुली केली जाईल, असे 1983 मध्येच जाहीर झाले. जीपीएसला आपण रस्ता दाखवणारी सोय म्हणून ओळखतो. पण तिच्या मुळाशी आहेत ती उपग्रहांवरील अणुघड्याळे. त्यांच्या संकेतावरून पृथ्वीवर कुठेही सेकंदाच्या दहालाखाव्या भागापर्यंत अचूक वेळ मिळते. आपल्या 50 आवर्तनांच्या विजेसाठी ही चूक फक्त 0.018 अंश होते. मघाच्या 18 अंशांशी तुलना करून पाहा.

1982 मध्ये फडके कंपनी सोडून व्हर्जिनिया टेक विद्यापीठात प्राध्यापक झाले होते. तिथल्या प्रयोगशाळेत त्यांच्या गटाने 1988 च्या सुमारास जीपीएसच्या वेळेवर चालणारे पहिले फेजर मापक यंत्र तयार केले. आज जगभर त्याला 'पीएमयू' या नावाने ओळखतात. 1991 मध्ये मॅक्रोडाइन कंपनीने ते बाजारात आणले आणि 1995 मध्ये त्यासाठीचे पहिले आंतरराष्ट्रीय मानक आले. त्या आधी 1993 मध्ये फडके यांची अमेरिकेच्या राष्ट्रीय अभियांत्रिकी अकादमीवर निवड झाली होती.

यंत्र होते, पण...

इथे गोष्ट 'आणि मग सगळे सुखी झाले' अशी संपायला हवी होती. तसे झाले नाही. चांगले यंत्र तयार असणे आणि ते वापरले जाणे यांत मोठे अंतर असते. वीज कंपन्यांना वाटे, दिवे तर लागतात, मग हा खर्च कशाला?

14 ऑगस्ट 2003 रोजी अमेरिका आणि कॅनडातील सुमारे 5 कोटी लोक अंधारात गेले. तपास करणाऱ्यांपुढे नोंदींचे ढीग होते, पण अनेक ठिकाणची घड्याळे जुळत नव्हती. आधी काय घडले आणि नंतर काय, हे लावण्यातच फार वेळ गेला. क्रम लागल्यावर असे दिसले की क्लीव्हलंड भाग आणि मिशिगन यांच्यामधला कलाकोन अंधार पडण्यापूर्वी बराच वेळ वाढत चालला होता. रबर ताणले जात होते, पण ते पाहणारा डोळा कुणाकडे नव्हता. चौकशी समितीने एका वेळेशी जुळलेल्या नोंदयंत्रांची शिफारस केली आणि पुढच्या दहा वर्षांत उत्तर अमेरिकेत पीएमयूंची संख्या हजारावर गेली. 2008 मध्ये फडके आणि थॉर्प यांना फ्रँकलिन इन्स्टिट्यूटचे बेंजामिन फ्रँकलिन पदक मिळाले. 1983 च्या लेखाला तेव्हा पंचवीस वर्षे झाली होती.

आपल्याकडची कथा याहून वेगळी नाही. 30 जुलै 2012 च्या रात्री अडीचच्या सुमारास उत्तर भारताचे जाळे कोसळले. दुसऱ्या दिवशी दुपारी एक वाजता उत्तर, पूर्व आणि ईशान्य अशी तीन जाळी कोसळली. त्या प्रदेशांत सुमारे 60 कोटी लोक राहत होते. शेकडो रेल्वेगाड्या जागीच थांबल्या. पूर्वेकडच्या कोळसा खाणींत कामगार अडकले, त्यांची नंतर सुखरूप सुटका झाली. आपले पश्चिमेचे जाळे त्यातून वेगळे होऊन वाचले, म्हणून पुण्यात त्या दिवशी पंखे फिरत राहिले.

सुरुवात कुठून झाली? दोन्ही दिवशी बीना-ग्वाल्हेर या 400 किलोव्होल्टच्या वाहिनीपासून! तारेत दोष नव्हता. अंतरमापक रिले विद्युतदाबाला प्रवाहाने भागतो आणि उत्तर लहान आले की 'जवळच दोष आहे' असे समजतो. वाहिनीवर अतोनात भार होता, म्हणून प्रवाह वाढलेला आणि दाब उतरलेला. भागाकार लहान आला आणि रखवालदाराने घरच्याच माणसाला चोर समजून दार लावून घेतले. 1965 चीच चूक 47 वर्षांनी पुन्हा झाली, आणि योगायोग असा की ती अरुण फडके यांच्या जन्मगावाच्या वाहिनीवर झाली.

उत्तर भारतात 2010 पासून प्रायोगिक म्हणून थोडे पीएमयू बसवलेले होते. घटनाक्रम उलगडताना त्यांच्या नोंदी कामी आल्या. पण चौकशी समितीने दाखवलेली कारणे केवळ यंत्रांची नव्हती. ठरल्यापेक्षा जास्त वीज ओढणाऱ्या राज्यांनी सूचना मिळूनही ओढ पुरेशी कमी केली नव्हती. अनेक वाहिन्या एकाच वेळी बंद होत्या. कोन मोजणारे यंत्र धोक्याची सूचना देऊ शकते, ती ऐकण्याची शिस्त देऊ शकत नाही. हे आपण विद्यार्थ्यांना स्पष्ट सांगायला हवे, नाहीतर तंत्रज्ञानाची गोष्ट जादूची गोष्ट होऊन बसते.

समितीने पीएमयूंचा वापर वाढवण्याची शिफारस केली. त्यानंतर राष्ट्रीय प्रकल्पात देशभर एक हजाराहून अधिक पीएमयू बसवण्याचे काम हाती घेतले गेले. त्यांच्या नोंदींचे विश्लेषण करणाऱ्या प्रणालींवर आयआयटी मुंबईतील संशोधकांनी काम केले. सौर आणि पवनऊर्जा वाढते आहे तसतशी या मापांची गरजही वाढते आहे. ढग आला की सौरऊर्जा मिनिटांत घटते, आणि कोन तितक्याच झपाट्याने बदलतात.

वर्गात काय न्यावे?

फडके यांच्या कारकिर्दीत अचानक साक्षात्काराचा असा एकही क्षण दिसत नाही. दिसते ती साखळी. स्टाइनमेट्झ यांचा फेजर, फोर्टेस्क्यू यांचे घटक, रिलेच्या कामातला हळू संगणक, आकाशातले घड्याळ. यातली प्रत्येक कडी दुसऱ्याच कारणासाठी तयार झाली होती. त्या एकमेकींत अडकवता येतील हे ओळखायला मात्र आधी प्रत्येक कडी नीट समजलेली असावी लागते. 'हे त्रिकोणमितीचे पुढे काय करायचे?' असे विचारणाऱ्या मुलांना आपण ही साखळी दाखवू शकतो.

एक साधा प्रयोग सुचवतो. वर्गातल्या दोन मुलांना आपापली मनगटी घड्याळे घेऊन दोन टोकांना उभे करा. दोघांनी आपल्या घड्याळात सेकंदकाटा बारावर आला की टाळी वाजवायची. दोन टाळ्या क्वचितच एका वेळी पडतील. मग सांगा की या दोन टाळ्यांमधले अंतर एक सेकंद असेल, तर तेवढ्यात आपल्या घरातल्या विजेची 50 आवर्तने होऊन जातात. त्यानंतर दोघांना तुमच्या एकाच इशाऱ्यावर टाळी द्यायला सांगा. फरक मुलांच्या कानांनाच कळेल.

आणि पुढच्या वळवाच्या पावसात दिवे गेले, तर मेणबत्ती शोधता शोधता घरातल्या मुलांना सांगायला हरकत नाही की कुठल्यातरी उपकेंद्रात एका रखवालदाराने नुकताच एक भागाकार केला. तो बरोबर होता की चुकला, हे कळायला त्याला शेजारच्या रखवालदाराशी घड्याळ जुळवावे लागते. ते कसे जुळवायचे, हे दाखवणाऱ्यांपैकी एक ग्वाल्हेरचे फडके होते.